न दाखवायचा चेहरा

समोर बसलेली बाई तुम्हाला म्हणाली, 'माझं तोंड तेवढं दाखवू नका' आणि तुम्ही 'नाही दाखवणार' म्हणालात, तर तो शब्द तुमच्याकडून किती दिवस पाळला जाईल?

माझ्याकडून तीन महिने पाळला गेला, असं मी स्वतःला सांगत आले. तेही खरं नाही. पण त्याच्याकडे येते, मला थोडं सावकाश येऊ द्या. आठ दिवसांपूर्वीपर्यंत हे मी कुणालाही सांगितलेलं नव्हतं. आईला नाही. ज्यांच्या खांद्याला खांदा लावून मोर्चात चालले त्या मैत्रिणींना नाही. व्यासपीठांवर हातात माईक घेऊन मी खरं बोलण्यावर खूप बोलले आहे — तिथे तर नाहीच.

मी सिनेमे करते. कॅमेरा माझा आणि निर्मातीही मीच. 'निर्माती' म्हटलं की जालन्यात लोक आधी माझ्या मागे बघतात, गाडी कुठे उभी केली म्हणून. गाडी नाही. अण्णांची जुनी स्कूटर आहे. अण्णा, म्हणजे माझे वडील, जुन्या जालन्यात एक लहानसा छापखाना चालवायचे. लग्नपत्रिका पोटासाठी आणि पत्रकं जिवासाठी. हमालांची, अंगणवाडीच्या बायांची, विडी कामगारांची. मी मुळाक्षरं पाटीवर शिकले नाही, वाया गेलेल्या पत्रकांच्या कोऱ्या पाठीवर शिकले. अण्णांच्या छापखान्यात उद्गारचिन्हांचे खिळे सगळ्यांत आधी झिजायचे. त्या घरात वाढलेल्या मुलीला दोन गोष्टी फार लवकर येतात — चूक कुणाची ते ओळखणं, आणि ती मोठ्या अक्षरांत लिहिणं. आपली स्वतःची चूक ओळखायला तिथे कुणी शिकवत नाही. तसं पत्रक कोण काढणार?

आठ-नऊ वर्षं मी लग्नं शूट केली. त्यातून कॅमेरा घेतला, आणि मग मला पाहिजे ते सिनेमे करायला लागले. एक सांगते, फुशारकी म्हणून नाही: निर्माती मीच आणि कॅमेरा माझाच असल्यामुळे मला 'थांब' म्हणणारं कुणी नव्हतं. मला याचा अभिमान होता. 'स्वतंत्र' हा शब्द मी फार आवडीनं माझ्या नावाआधी लावायचे.

तर, तो सिनेमा. केदारखेड्याच्या पुढे एक गाव आहे, नाव सांगत नाही. तिथे शेडनेटमध्ये टोमॅटोचं, मिरचीचं बियाणं तयार होतं. पांढऱ्या जाळीखाली बायांच्या रांगा. एका हातात चिमटा, आणि बोटात अंगठीसारखी बारकी वाटी, तिच्यात नर फुलाचा पिवळा भुगा. फूल उघडायचं, चिमट्यानं आतलं काढायचं, भुगा लावायचा, पुढचं फूल. दिवसभर. जाळीतून येणारा उजेड इतका मऊ असतो की मी पहिल्या दिवशी नुसती उभी राहिले. तिथे वाईट दिसेल असं काही शूटच करता येत नव्हतं.

वाईट होतं ते वासात होतं. बाया आत कामाला असतानाच फवारणी व्हायची. बाहेर काढलं तर तास वाया जातो, म्हणून मुकादम काढत नव्हता. डोळे सुजायचे, उलट्या व्हायच्या, एक पोर रांगेतच पडली होती. हे सगळ्यांना माहीत होतं आणि कॅमेऱ्यासमोर कुणी बोलायला तयार नव्हतं. मी पंधरा दिवस गेले. चहा प्यायले, चिमटा धरायला शिकले, माझ्या हातून फुलं मोडली की बाया हसायच्या. 'ही फुलाचं लगीन लावून राह्यली का काडीमोड?' असं म्हणाली ती बाई म्हणजे कडूबाई.

हे तिचं खरं नाव नाही. आमच्याकडे गल्लोगल्ली सापडेल असं नाव मी मुद्दाम घेतलं आहे.

पंचेचाळिशीची असेल. नवऱ्याचा फुलबाह्यांचा शर्ट लुगड्यावर घालायची, तोंडाला फडकं. मुकादम तिच्या नवऱ्याचा चुलतभाऊ होता — एकच भिंत दोन्ही घरांना. म्हणजे तिला सगळ्यांत जास्त माहीत होतं, आणि बोलायची सगळ्यांत जास्त भीती तिलाच होती. तरी बोलायला तयार झाली ती तीच. कारण विचारलं तर म्हणाली, 'पडली ती पोरगी माह्या रांगत होती. मी फूल सोडलं न्हाई हातातलं, आधी फूल पुरं केलं आन् मंग तिला उचललं. त्याचं लागतंय मला.'

बघा, तिची कबुली किती साधी होती. मला मात्र इतके परिच्छेद लागत आहेत.

तिच्या अटी दोनच. आवाज तिचा नको आणि तोंड दिसायला नको. 'तू बाईमाणूस हायेस, तुह्यावर इस्वास,' ती म्हणाली. मी तिला तिच्याच घरात, उघड्या दाराकडे पाठ करून बसवलं. मागून दाराचा उजेड, पुढून काळोख. अशा वेळी माणसाची नुसती कड दिसते, चेहरा काळा पडतो. मी तिला बोलावून मॉनिटरवर दाखवलं. तिच्या जागी मी स्वतः जाऊन बसले. ती पडद्याला नाक लावून बघत राहिली. 'ह्ये बराबर हाय,' म्हणाली. 'कोळशाची बाई दिसती. कोळशाला कोण वळखतंय?' आणि हसली. मग जागेवर जाऊन बसली आणि वीस-पंचवीस मिनिटं बोलली. शेवटी गप्प झाली. डोकं किंचित वळवून चुलीकडे बघत राहिली. मी कॅमेरा बंद केला नाही. ती जवळपास अर्धं मिनिट तशीच होती.

ते अर्धं मिनिट. सगळं त्याच्यात आहे.

आवाजाचं वचन मी पाळलं. तिचे शब्द भोकरदनच्या एका मैत्रिणीकडून बोलून घेतले. का पाळलं ते आज मला नीट कळतं — आवाज बदलल्यानं माझ्या फ्रेमचं काही बिघडत नव्हतं.

जालन्यातच, मस्तगड भागात, शकीलचं दुकान आहे. लग्नांच्या फिल्म्स एडिट करतो. माझ्या सगळ्या सिनेमांचं एडिटिंग आणि रंगाचं काम त्यानंच केलं, बहुतेक वेळा मैत्रीखातर. शूटिंगनंतर तीन महिन्यांनी एका दुपारी पडदे ओढून आम्ही तिचा शॉट लावून बसलो होतो. न जाणणाऱ्यांसाठी सांगते: चांगला डिजिटल कॅमेरा काळोखातलंही बरंच काही साठवून ठेवतो. पडद्यावर काळं दिसतं, पण आत असतं. एक बटण सरकवलं की सावली उपसून निघते. मी ते बटण सरकवलं. 'बघू तरी' म्हणून.

आणि काळ्यातून ती वर आली. सुजलेले डोळे, ओठांत घट्ट दाबलेलं काहीतरी. चुलीकडे बघणारा, रडायचं विसरून गेलेला चेहरा. मी इतकी वर्षं माणसांचे चेहरे शूट केले. असा एक चेहरा नव्हता माझ्याकडे.

शकील म्हणाला, 'ताई, ही बाई तर चेहरा नको म्हणल्ती ना?'

मी म्हणाले, 'विचारलंय तिला. हो म्हणाली.'

विचारलं नव्हतं. केदारखेडा मस्तगडहून किती लांब आहे? स्कूटर काढली असती तर संध्याकाळी परत आले असते. मी गेले नाही, कारण ती काय म्हणेल ते मला माहीत होतं.

मी स्वतःला काय सांगितलं, तेही लिहिते. सबब म्हणून नव्हे. ते माझ्या घरातून आलेलं आहे म्हणून. मी म्हणाले — तोंड तिनं का लपवायचं? लपवायचं तर फवारणाऱ्यानं लपवावं. चेहरा झाकून हक्क मिळत नाहीत! हे वाक्य मी नंतर पत्रकातही छापलं, जाड ठशात. चांगलं वाक्य आहे. अण्णांनाही आवडलं असतं. पण पत्रक वाटून झालं की मी जालन्याला परत येते. तिला दुसऱ्या दिवशी त्याच जाळीखाली, त्याच मुकादमासमोर, त्याच भिंतीच्या घरात जायचं असतं. माझं तत्त्व होतं, आणि त्याची झळ तिला लागणार होती — हे मला तेव्हा दिसलं नाही, की दिसत होतं?

सिनेमात शेवटी ती काळीच असते, आणि त्या अर्ध्या मिनिटात हळूहळू उजळत जाते. पुण्यात दाखवला तेव्हा सभागृहात श्वास ऐकू येत नव्हता. बक्षीस मिळालं. एका गृहस्थांनी उठून विचारलं, हा शेवटचा शॉट कसा सुचला? मी पाच मिनिटं उत्तर दिलं. काळोखातून उजेडाकडे, मौनाचा चेहरा, असं बरंच. टाळ्या पडल्या. तेव्हा तो शॉट माझा होता, पूर्णपणे माझा.

मग कुणीतरी सिनेमातला तेवढाच शेवट कापून मोबाइलवर फिरवला. वर माझंच पत्रकातलं वाक्य लिहून. हजारो लोकांनी चांगल्या मनानं पुढे पाठवला असेल. फिरत फिरत तो त्या गावाच्या ग्रुपवर गेला.

कुणी तिला मारलं नाही. शिव्याही दिल्या नाहीत. तशी बातमी झाली असती तर मी कॅमेरा घेऊन गेले असते, पत्रक काढलं असतं! झालं ते एवढंच — सकाळी बायांना न्यायला येणारी पिकअप तिच्या दारासमोर थांबायची ती थांबेनाशी झाली. पहिल्या दिवशी तिला वाटलं, आज काम नसेल. दुसऱ्या दिवशी ती रस्त्यावर जाऊन उभी राहिली. गाडी पुढून गेली, आतल्या बायांनी माना खाली घातल्या. तिसऱ्या दिवशी गावातल्या दुसऱ्या शेडनेटवाल्यानंही 'बाया भरल्या' म्हणून सांगितलं. शेजारची जाऊ, मुकादमाची बायको, बोलायची बंद झाली. दोन्ही घरांमधल्या भिंतीत एक कोनाडा होता, आरपार, त्यातून मीठ-मिरची इकडची तिकडे व्हायची. तो विटांनी बुजवला. आणि फवारणी? बाया आत असतानाच चालू राहिली. माझ्या सिनेमामुळे कुणालाही एका तासासाठीसुद्धा बाहेर काढलं गेलं नाही.

हे सगळं मला तिच्या नवऱ्याच्या फोनवरून कळलं. मी गेले. ओसरीवर बसले. ती पाणी घेऊन आली आणि माझ्यासमोर उकिडवी बसली. नवरा दारात उभा होता. तिनं रागावून विचारलं असतं तर कदाचित मी खरं बोलले असते. तिनं हळूच विचारलं, 'पोरी, मला त्या टीव्हीत काळं दिसलं होतं नं? का मलाच बराबर दिसलं न्हाई?'

तिला स्वतःच्या डोळ्यांची शंका आली होती. माझी आली नव्हती.

आणि मी — हेच ते, हेच सांगायला इतकी फिरले — मी म्हणाले, 'तुम्हाला बरोबरच दिसलं होतं. एडिटिंगवाल्यानं केलं. मस्तगडचा शकील. मला न विचारता केलं त्यानं.'

नाव सांगितलं. नवऱ्याच्या चेहऱ्यावर ते नाव ऐकल्याबरोबर 'मग बरोबर' असं काहीतरी उमटलं. पुढचं काही विचारायची त्याला गरजच वाटली नाही. माझं खोटं इतक्या लवकर का पचलं, ते मला तिथेच कळलं. माणसा-माणसांत भिंती घालणाऱ्यांविरुद्ध मी किती पत्रकं लिहिली आहेत! त्या दिवशी मी त्याच भिंतीच्या आडोशाला जाऊन उभी राहिले, कारण तिथे सावली होती.

कडूबाईनं पाण्याचा तांब्या बाजूला सरकवला. मग माझ्याच गुडघ्यावर हात ठेवून म्हणाली, 'जाऊ दे माय. तुह्या हातात काय होतं? आन् त्या पोरालाबी सांग, मी शाप दिला न्हाई म्हणून. त्याला काय माहीत मी काय बोलल्ते.'

हा निरोप मी शकीलला दिला नाही. कसा देणार? द्यायचा तर आधी बाकीचं सांगावं लागलं असतं.

तिचा नवरा मात्र मस्तगडला गेला. भर गिऱ्हाइकांत शकीलला वाट्टेल ते बोलला. शकीलनं ऐकून घेतलं. संध्याकाळी मला फोन केला, आवाज नेहमीसारखाच. 'ताई, मी काही बोललो न्हाई. तुमचं नाव घेतलं असतं तर तो माणूस तुमच्या दारात आला असता. पण पुढच्या पिक्चरला दुसरा माणूस बघा.' मी 'शकील, ऐक' म्हणाले. त्यानं 'खुदा हाफिज' म्हणून फोन ठेवला. त्यानंतर मी दोन सिनेमे केले. दोन्हींत 'एडिटिंग' या शब्दापुढे दुसरं नाव आहे.

कडूबाईनं वर्षभरात गाव सोडलं. नवरा-बायको आता नव्या जालन्यात एका खोलीत राहतात. ती मोंढ्यात धान्य निवडायला जाते. चिमट्यानं फूल उघडणारे ते हात; तसं फूल उघडणारी बाई त्या नेटमध्ये दुसरी नव्हती.

गेल्या आठवड्यात मी तिच्याकडे गेले. वर्षं लोटली होती. मी सगळं सांगितलं. विचारलं नव्हतं, शकीलला खोटं बोलले, तिलाही खोटं बोलले. सांगता सांगता जे मी स्वतःलाही कधी शब्दांत सांगितलं नव्हतं तेही बाहेर आलं. वर म्हटलं ना, तीन महिने पाळला तेही खरं नाही म्हणून? मॉनिटरवर काळं बघून ती समाधानानं जागेवर जाऊन बसली, तेव्हा मी लेन्सची कडी हळूच थोडी फिरवली होती. उजेड थोडा जास्त आत यावा म्हणून. मॉनिटरवर फरक कळण्याइतका नाही, पण पुढेमागे सावलीतून चेहरा काढता येईल इतका. शकीलच्या दुकानातलं ते 'बघू तरी' अचानक आलेलं नव्हतं. त्याची सोय मी त्याच सकाळी करून ठेवली होती. मी दिलेला शब्द पाच मिनिटंसुद्धा टिकला नव्हता. बोट लेन्सवर होतं तेव्हा तोंडानं मी तिला म्हणत होते, 'मावशी, मोकळेपणानं बोला.'

ती ऐकत होती. सुपातले खडे वेचत होती, ते थांबवलं नाही. माझं संपल्यावर तिनं पहिल्यांदा विचारलं, 'मंग त्या पोराला माहा मालक फुकट बोलला?' मी हो म्हणाले. तिनं सूप खाली ठेवलं. 'त्याच्याकडं आधी गेल्ती का?' नाही, म्हणाले. 'मंग माह्याकडं काहून आली आधी?'

मी तिथून मस्तगडला गेले. शकीलनं खुर्ची दिली. मी तिचा निरोपही दिला, इतक्या वर्षांनी. तो म्हणाला, 'मला माहीत होतं, ताई. त्या बाईचा फोन नंबर न्हाई तुमच्याकडं आन् मधी तुम्ही गावाला गेल्या न्हाई, हे मला तेव्हाच माहीत होतं.' म्हणजे मी विचारलेलं नाही, हे त्याला माहीत होतं आणि तरी त्यानं ते काम केलं. त्याचं तो बघेल. ते माझ्या कबुलीत मिसळून मला माझा वाटा कमी करायचा नाही. चहा आला. तो मी प्यायले.

सिनेमा मी जिथून उतरवता येईल तिथून उतरवला आहे. त्याबद्दल मला चांगलं म्हणू नका. बक्षीस परत केलं, तेही सांगण्यासारखं नाही. ते माझं नव्हतंच. मला माफी नको, आणि ती कुणाकडे मागावी हेही कळत नाही. मी तिच्याकडे मागून पाहिली होती. ती म्हणाली, 'माफीचं काय करू मी माय? मोंढ्यातबी परवा एका पोरानं मला फोन दाखवला, मावशी ह्ये तुमीच का म्हणून. तू मला त्या फोनांतून काढ. सगळ्यांच्या.'

ते मला एकटीला जमत नाही. म्हणून हे लिहिलं आहे, आणि ही मागणी तिची आहे.

अंधारी खोली, दाराकडे पाठ करून बसलेली बाई, आणि हळूहळू उजळत जाणारा तिचा चेहरा. असा तुकडा तुमच्या फोनमध्ये, एखाद्या ग्रुपवर, कुठे साठवून ठेवलेल्या चित्रफितींत असेल, तर तो पुसून टाका. ज्यांना पाठवला होता त्यांना आज सांगा, त्यांनीही पुसावा. पुसण्याआधी एकदा बघावंसं वाटेल. बघू नका.